पैलवानच्या कार्डावरची एक नोंद

आमची पहिली भेट झाली ती एका दोरीत अडकून.

प्राण्यांच्या दवाखान्यात डॉक्टर म्हणून रुजू होऊन मला जेमतेम नऊ दिवस झाले होते. सकाळी लसींची थंड पेटी उतरवून घ्यायला मी रस्त्यावर आले, तेवढ्यात समोरून मोठे कान, त्याहून मोठे पंजे आणि बाकी नुसतीच हाडं असलेलं एक पिल्लू सुसाट धावत आलं. ते माझ्या डावीकडून गेलं, त्याला धरणारा माणूस उजवीकडून आला आणि मधली दोरी माझ्या गुडघ्यांभोवती दोनदा फिरली. पेटी मी सोडली नाही. तोल मात्र सुटला.

"हलू नका," तो म्हणाला. "म्हणजे... तुम्ही हलू नका. हा तर हलणारच."

तो खाली बसून दोरी सोडवू लागला. बोटांच्या पेरांत काळं ग्रीस मुरलेलं होतं. माझ्या पायाला आपला हात लागू नये म्हणून तो इतकं जपत होता, की सोडवायला लागायचा त्याच्या तिप्पट वेळ लागला.

"नाव काय याचं?"

"पैलवान."

मी त्या बरगड्यांकडे पाहिलं. "हा?"

"आत्यानं ठेवलंय. म्हणते, नावाला जागायला वेळ द्यावा माणसानं... आणि कुत्र्यानंही."

तो लिफ्ट-मेकॅनिक होता. कामावर जाताना पिल्लाला आत्याच्या घरी सोडायला निघाला होता. लसीचं विचारलं, तर त्यांचे नेहमीचे डॉक्टर नुकतेच दुसरीकडे गेल्याचं कळलं. मी त्या दोघांना आत घेतलं आणि नवं कार्ड काढलं.

वय साडेचार महिने. कान स्वच्छ, दात नीट, हृदयाचे ठोके नियमित. मग नराच्या कार्डावरचा नेहमीचा रकाना आला – वृषणे: दोन्ही उतरलेली, एक, की एकही नाही. पिल्लू दोन महिन्यांचं होईपर्यंत दोन्ही वृषणं खालच्या पिशवीत उतरलेली असावी लागतात. सहाव्या महिन्यापर्यंत जे उतरत नाही ते बहुतेक कधीच उतरत नाही, आणि असा नर पैदाशीला वापरायचा नसतो, कारण दोष पुढच्या पिढीत जातो. हे सगळं मला पाठ होतं.

पैलवान टेबलावर वळवळत होता. त्या मेकॅनिकनं पिल्लाचं तोंड छातीशी धरलं आणि त्याच्या कानात म्हणाला, "अरे, बाई परीक्षा घेतायत. एकदाचा पास हो, म्हणजे मलाही कामावर वेळेत जाता येईल." मी हसले. वर पाहिलं, तर तो माझ्याकडेच पाहत होता. बोटांना एक वृषण स्पष्ट लागलं. दुसऱ्या बाजूला काहीतरी मऊसर लागून निसटलं. चरबीही असेल, किंवा जे असायला हवं तेही असेल... पुन्हा चाचपायला हवं होतं. हात कुत्र्यावर होता आणि लक्ष दुसरीकडे. मी लिहिलं, 'दोन्ही उतरलेली', आणि खाली सही केली.

त्यानंतर तो येतच राहिला. आधी राहिलेल्या लसींसाठी आला, मग गोचीड, मग कान, मग नखं. दवाखाना ज्यांचा होता त्या मोठ्या डॉक्टरांना पैलवानची नखं दर पंधरवड्याला कशी काय वाढतात याचं फार नवल वाटे. "मुली, तुला सांगतो," ते चष्म्यावरून पाहत म्हणत, "चाळीस वर्षांत असलं जोमदार नख पाहिलं नाही मी. शोधनिबंध लिही."

आत्याबद्दल मला तो सांगे. तिनंच त्याला लहानाचा मोठा केला होता. चाळीस वर्षं ती एका छापखान्यात मुद्रितं तपासायची. कुत्र्यांची ही मेंढपाळी जातही ती तशाच डोळ्यांनी सांभाळत आली होती. सहा पिढ्या झाल्या होत्या, पैलवानची सातवी; सगळ्यांची नोंद एका जाड वहीत. तिचे नियम ठरलेले. दोन वर्षं पुरी झाल्याशिवाय नराला मादी दाखवायची नाही, तपासण्या झाल्याशिवाय तर नाहीच. जी पिल्लं बाहेर जातील त्यांची नसबंदी करायची, आणि हे आधी लेखी घ्यायचं. म्हणून पैलवानची भावंडं घरोघरी सुखात असली, तरी वंश पुढे नेणारा तो एकटाच उरला होता. आत्याची एक जुनी मैत्रीण होती. तिच्या मादीसाठी पैलवान ठरवला होता, आणि दोघी म्हाताऱ्या पंचांगातला मुहूर्त धरावा तशी ती तारीख धरून बसल्या होत्या.

पैलवान दहा महिन्यांचा झाला तेव्हा त्याला घेऊन तो जरा खजील होऊनच आला.

"उशीवर चढतो, डॉक्टर. पाहुण्यांसमोर. आत्या वर्तमानपत्र तोंडासमोर धरते आणि हवापाण्याच्या गप्पा मारते."

"या वयात होणारच ते."

"खालच्या मजल्यावरचे म्हणतात, आता वयात आलाय, लावून टाका जोडी. त्यांच्याकडे मादी आहे."

"वयात आलाय," मी नख धरत म्हटलं. "मोठा नाही झालेला. पिल्लं होऊ शकतील, पण हाडं अजून भरायचीयत. खुब्यांचा खरा एक्स-रे दोन वर्षांनीच काढायचा. काही आजार असतात, ते तोवर दडून बसतात. पिल्लं होऊ शकतात म्हणून होऊ द्यायची नसतात."

"आणि स्वभाव?"

"तोही तेव्हाच कळतो. भित्रा निघतो, की चावरा..."

"की नुसताच नखं कापायला येणारा."

मी मान वर केली नाही. "हलू नका."

"तो कुठे हलतोय?"

"त्याला नाही म्हणत मी."

त्यानं पैलवानचा पंजा नीट धरला. पण हसू ओठांच्या कडेला तसंच राहिलं. थोड्या वेळानं हळूच म्हणाला, "माणसाचा स्वभाव किती वर्षांनी कळतो, डॉक्टर?"

"माणसांवर उपचार करायची मला परवानगी नाही," मी म्हटलं. आणि त्या दिवशी दुपारभर मला उगाचच गुणगुणावंसं वाटत राहिलं.

एकदा आत्याच्या इमारतीत पैलवानला इंजेक्शन द्यायला गेले, तेव्हा त्यानं मला आपली लिफ्ट दाखवली. दर महिन्याला दोर, ब्रेक आणि दारं तपासून तो आतल्या तक्त्यावर सही करी. "तार झिजलेली दिसली की लिफ्ट बंद," तो म्हणाला. "मग मालक ओरडो नाहीतर पाचव्या मजल्यावरच्या आजी. सही माझी असते ना." त्या अरुंद जागेत आमचे खांदे एकमेकांना लागू नयेत म्हणून आम्ही दोघेही अंग चोरून उभे होतो. चार मजले फार लवकर आले.

असे महिने गेले. पैलवान नावाला जागला. रुंद छाती, दाट आयाळ, शांत नजर. तो दवाखान्यात आला की दाराशी भुंकणारी बारकी कुत्री आपोआप गप्प होत. त्याचं कार्ड मी कितीदा काढलं असेल! पण त्यातला तो एक रकाना भरलेला होता, आणि भरलेला रकाना कोणी पुन्हा तपासत नाही. स्वतः भरलेला तर नाहीच.

दोन वर्षं पुरी झाल्यावर तिसऱ्या दिवशी आत्यानं त्याला तपासण्यांसाठी पाठवलं. मैत्रिणीची मादी पंधरा-वीस दिवसांत माजावर यायची होती. त्याआधी डोळे, हृदय, मादीचा गाभ पाडणाऱ्या जंतूंसाठी रक्त, आणि खुब्यांचा एक्स-रे. एक्स-रेसाठी कुत्र्याला गुंगी देऊन उताणं निजवतात आणि मागचे पाय सरळ ताणून धरतात. मी पाय ताणले. केस बाजूला झाले. आणि माझा हात थांबला.

एकच होतं.

मी पुन्हा चाचपलं. मग डोळे मिटून पुन्हा. जांघेत, त्वचेखाली, एक लहानशी गाठ लागली. ते दुसरं तिथे अडकून राहिलं होतं, बहुधा जन्मापासूनच.

एक्स-रे निघाला. खुबे इतके सुरेख होते, की मोठे डॉक्टर पडद्यापुढे कौतुकानं उभे राहिले. मी त्यांना कार्ड दाखवलं, आणि मग कुत्रा दाखवला.

त्यांनी चष्मा काढून पुसला. "एकावरही पिल्लं होतात," ते शेवटी म्हणाले. "कार्डावर दोन आहेत. म्हातारीला वाकता येत नाही, ती काही मोजायला जाणार नाही... मी हे तुला कर म्हणून सांगत नाहीय. तुझ्या वयाचा असताना मी काय केलं असतं, ते मलाच माहीत नाही, एवढंच." आणि ते बाहेर निघून गेले. हे त्यांचं प्रामाणिक बोलणं होतं; म्हणूनच ते जास्त लागलं.

बाहेरच्या बाकावर तो बसला होता. मला पाहताच उठला.

"काही वाईट आहे का?"

"खुबे उत्तम आहेत. डोळे, हृदय, सगळं."

"मग तुमचा चेहरा असा का?"

"पैलवान साडेचार महिन्यांचा असताना मी कार्डावर चुकीचं लिहिलं. दोन नाहीयत. एकच उतरलंय. मी नीट तपासलं नव्हतं."

मला वाटलं होतं, तो दचकेल, चिडेल. त्यानं फक्त नजर खाली केली. आणि त्याच क्षणी मला सगळं समजलं.

"तुम्हाला माहीत होतं."

"आंघोळ मीच घालतो त्याला."

"कधीपासून माहीत होतं?"

"वर्षाचा झाला तेव्हापासून. आधी वाटलं, डॉक्टरांनी लिहिलंय म्हणजे आपल्यालाच कळत नसेल. मग कळलं, की कळतंय."

"आणि बोलला नाहीत?"

"तुमची सही होती खाली. नोकरी नवी होती तुमची. मला वाटलं, मी बोट ठेवलं तर... तुम्ही परत माझ्याकडे बघणार नाही."

"पंधरा दिवसांनी जोडी लागली असती! आठ पिल्लं, नऊ पिल्लं. त्यांची पुढची..."

"रोज ठरवत होतो, उद्या सांगू."

"लिफ्टची तार झिजलेली दिसली असती तर? तेव्हाही उद्याच?" माझा आवाज मला आवरेना. "की आवडत्या माणसानं तपासलीय म्हणून तशीच चालू ठेवली असती?"

बाकावरच्या मांजरवाल्या बाईंनी आपली टोपली जवळ ओढली. मी काय बोलून गेले ते आम्हा दोघांनाही कळलं. पण त्या शब्दासाठी ती वेळ नव्हती. त्याचे कान लाल झाले होते, माझे डोळे भरले होते, आणि मला त्याचा मनापासून राग आला होता. स्वतःचा आला होता त्याहून थोडा कमी, इतकंच.

"मी आत्यांना सांगायला जाते," मी म्हटलं.

"मीही येतो. अर्धी चूक माझी आहे."

गुंगी पूर्ण उतरल्यावर, संध्याकाळी आम्ही गेलो. लिफ्टमध्ये पैलवान आमच्या दोघांच्या मध्ये बसला होता.

आत्या टेबलाशी वही उघडूनच बसल्या होत्या. ताठ पाठ, पांढरेशुभ्र केस, संधिवातानं वाकलेली बोटं. त्यांनी आम्हा दोघांकडे पाहिलं आणि पेन खाली ठेवलं. मी उभ्यानंच सांगितलं. काहीही झाकलं नाही.

"असं झालं कसं?"

"माझं लक्ष नव्हतं."

"कुठे होतं?"

माझी नजर नकळत त्याच्याकडे गेली. आत्यांनी एकदा माझ्याकडे पाहिलं, एकदा भाच्याकडे. "बरं," त्या म्हणाल्या. "तेवढं कळलं." मग त्याच्याकडे वळून, "आणि तुझी मान का खाली?"

त्यानंही सांगितलं. आत्यांनी वहीतल्या पैलवानच्या नोंदीवर बोट ठेवलं.

"चाळीस वर्षं मी लोकांच्या चुका शोधल्या," त्या अगदी शांतपणे म्हणाल्या. "चूक करणाऱ्याचा मला कधी राग आला नाही. माणूस आहे, चुकतो. पण दिसलेली चूक तशीच ठेवून पान पुढे सरकवणारा... त्याचा यायचा. तू माझ्या घरात वाढलास रे."

"चुकलं, आत्या."

"हो. चुकलंच."

मग त्या माझ्याकडे वळल्या. त्या क्षणी त्या प्रथमच म्हाताऱ्या दिसल्या. "डॉक्टर... एकावर पिल्लं होत नाहीत का?"

"होतात."

"चांगली होतात?"

मोठ्या डॉक्टरांचं बोलणं माझ्या कानात होतं. 'हो' म्हटलं असतं, तर त्या बाईंना हवं ते मिळालं असतं, आणि मलाही. "पुष्कळशी चांगली दिसतील," मी म्हटलं. "काही नर पिल्लांमध्ये हाच दोष येईल. माद्यांमध्ये तो दिसणार नाही, पण त्यांच्याकडूनही पुढे जाईल. आणि कुठून आला ते मग कोणालाच कळणार नाही."

आत्यांनी फोन ओढला आणि आमच्यासमोरच मैत्रिणीला लावला.

"मी बोलतेय. आमच्याकडून नाही जमणार गं... नाही, तब्येतीनं झकास आहे. दोष आहे एक. जन्माचा... नाही, दुसरा नर नाही माझ्याकडे. हा शेवटचा." त्या थांबल्या. "हो. वाईट वाटतंय. फार वाईट वाटतंय. ठेवते आता."

फोन ठेवून त्यांनी वही माझ्यापुढे सरकवली आणि हातात पेन दिलं. "नोंद तुमच्या सांगण्यावरून केली होती. दुरुस्ती तुमच्या अक्षरात हवी."

मी लिहिलं. काय चुकलं, कोणाकडून, केव्हा सापडलं. शेवटी: हा नर पैदाशीस योग्य नाही, सातव्या पिढीवर वंश थांबला. प्रत्येक अक्षर मी सुटं, ठळक काढलं. आत्यांनी प्रत्येक ओळीखाली बोट फिरवत वाचलं. पैलवान उठून आला आणि त्यानं आपली भली मोठी हनुवटी त्यांच्या गुडघ्यावर ठेवली.

"याला काय त्याचं," त्या म्हणाल्या आणि वाकड्या बोटांनी त्याचं कपाळ चोळू लागल्या. "वंश माझ्या वहीत होता. हा आपला आहे तसाच आहे." थोड्या वेळानं म्हणाल्या, "ते आत अडकलेलं तसंच ठेवून चालतं?"

"नाही. पुढे त्याची गाठ होऊ शकते. दोन्ही काढायला हवीत."

"मग तुम्हीच काढा."

"मी? मोठे डॉक्टर जास्त अनुभवी..."

"एकदा चुकलेला माणूस दुसऱ्यांदा नीट बघतो. बरेचदा."

आठवड्यानं शस्त्रक्रिया झाली. मोठे डॉक्टर शेजारी हात बांधून उभे राहिले. जांघेत अडकलेलं ते वृषण वाटाण्याहून थोडंसंच मोठं होतं, मऊ, फिकट. एवढ्याशा गोष्टीपायी एका बाईचं आयुष्यभराचं काम थांबलं होतं. मी दोन्ही काढली, टाके घातले, पुन्हा एकदा सगळं तपासलं. "चांगला हात आहे," एवढंच बोलून मोठे डॉक्टर गेले.

मागच्या खोलीत घोंगडीवर पैलवान झोपला होता. त्याच्याजवळ जमिनीवर तो बसला होता; कामाचे कपडे बदलायलाही थांबला नव्हता. आठवडाभर आम्ही एकमेकांशी बोललो नव्हतो. खिडकीतून उतरतं ऊन कुत्र्याच्या आयाळीवर पडलं होतं आणि खोलीत स्पिरिटचा थंड वास होता. मी दुसऱ्या बाजूला जमिनीवरच बसले.

"अजून रागावलायत?"

"हो."

"बरं," तो म्हणाला, आणि तसाच बसून राहिला.

थोड्या वेळानं मी म्हटलं, "माझ्या चुका झाकायच्या नाहीत. कधीच नाहीत. माया वाटते म्हणून तर मुळीच नाहीत. जे दिसेल ते मला सांगायचं, त्याच दिवशी."

"त्याच दिवशी," तो म्हणाला. मग घोंगडीची कड उगाचच सरळ करत राहिला. "तसं... आणखी एक लपवलेलं आहे."

"काय?"

"हे त्याहून जुनं आहे. मला..." तो अडखळला. चार मजल्यांचं ओझं तारेवर तोलणारा माणूस एका वाक्याशी झटत होता. "मला जन्मभर तुमच्याजवळ... म्हणजे, तुमची हरकत नसेल तर... मी विचारू का?"

पैलवानचा श्वास जरा बदलला होता. मी हात वर करून त्याला थांबवलं, कुत्र्याच्या मांडीच्या आतल्या बाजूला दोन बोटं टेकवली आणि घड्याळाकडे पाहिलं.

"डॉक्टर?"

"मोजतेय."

तो थांबला. हललासुद्धा नाही. मी पूर्ण एक मिनिट मोजलं. अर्ध्या मिनिटाचं दुप्पट करून चालतं, सगळेच करतात. मी पूर्ण मोजलं. नाडी भरीव होती, संथ होती. पैलवानचा कान हलला. तो जागा होऊ लागला होता. मी आकडा कार्डावर लिहिला, वेळ लिहिली, सही केली, पेनचं टोपण लावलं. मग हात मोकळे करून वर पाहिलं.

"आता विचार," मी म्हटलं. "आता माझं लक्ष तुझ्याकडे आहे."